एआय सहाय्यक अडला, गोंधळला किंवा ‘नाही’ म्हणाला तर काय करायचं: नवशिक्यांसाठी

आमच्या भागातल्या वाचनालयात मी नवशिक्यांना एआय सहाय्यक वापरायला शिकवतो. येणाऱ्यांत निवृत्त शिक्षक असतात, सोसायटीचे सेक्रेटरी असतात, शेती बघणारे असतात, दिवाळी अंकांसाठी कथा लिहिणारेही असतात. तक्रार मात्र सगळ्यांची एकच: ‘‘साधं विचारलं तरी नाही म्हणतो हो!’’ चॅटजीपीटी ३० नोव्हेंबर २०२२ ला सगळ्यांसाठी खुलं झालं. त्यामागोमाग जेमिनाय, क्लॉड, कोपायलट, व्हॉट्सॲपमधला मेटा एआय असे बरेच आले. वापरायला सगळे सोपे. अडचण येते ती प्रश्न मोघम असला की, किंवा विषय जरा नाजूक असला की.

माझं मत आधीच सांगून टाकतो. नकाराबद्दल सगळे कुरकुरतात, कारण नकार दिसतो. सहाय्यकाने न विचारता मनाने काहीतरी गृहीत धरून दिलेलं उत्तर मात्र दिसायला नेहमीच्या उत्तरासारखंच असतं, आणि माझ्या पाहण्यात लोकांचं जास्त नुकसान त्यानेच होतं. म्हणून या लेखात नकारावर उपाय आहेतच, पण जोर त्या गुपचूप अंदाजांवर आहे.

सुरू करण्याआधी हाताशी काय हवं

- ज्याबद्दल विचारायचं त्याचा मूळ कागद: नोटीस, करार, औषधाच्या बाटलीवरचं लेबल, डॉक्टरांची चिठ्ठी. आठवणीतून सांगू नका.
- आकडे एककांसकट: ‘दहा’ नव्हे, दहा गुंठे की दहा एकर, मिली की ग्रॅम, महिन्याला की वर्षाला.
- ठिकाण: राज्य, आणि गरज असेल तर शहर किंवा तालुका.
- एका ओळीत लिहिलेला हेतू. हे उत्तर घेऊन तुम्ही पुढे काय करणार आहात?
- झाकायच्या गोष्टींची यादी: आधार क्रमांक, पॅन, खाते क्रमांक, इतरांची नावं आणि फोन नंबर. कागदाचा फोटो टाकण्याआधी यावर पट्टी मारा. आधारची प्रत द्यायचीच असेल तर शेवटचे चारच आकडे दाखवणारं ‘मास्क्ड आधार’ यूआयडीएआयच्या, म्हणजे आधार देणाऱ्या संस्थेच्या, संकेतस्थळावर मिळतं. ओटीपी कुणालाच द्यायचा नाही, सहाय्यकालाही नाही.

१. नेमकं काय झालं ते आधी ओळखा

अस्पष्ट किंवा नाजूक विनंती आली की सहाय्यक चारपैकी एक वाट धरतो. एक, तो तुम्हालाच उलट प्रश्न विचारतो. दोन, मागितलेल्यातला काही भाग देतो आणि काही हातचं राखतो. तीन, सरळ नाही म्हणतो. चार, स्वतःच एक अर्थ ठरवतो आणि त्या अर्थाचं उत्तर ठोकून देतो.

लोकांना वैताग येतो पहिल्या प्रकाराचा. ‘‘मी विचारतोय तर हाच मला काय विचारतो?’’ खरं तर सहाय्यक परत विचारतो तेव्हा तो सगळ्यात चांगलं काम करत असतो. त्याला उत्तर द्या.

दुसऱ्या प्रकारात बारकाईने वाचावं लागतं, कारण काय गाळलं ते दर वेळी सांगितलं जात नाही. यादी मागितली दहाची आणि आली सातची, तर विचारा: ‘‘यात काही मुद्दाम वगळलंस का?’’ असं थेट विचारलं की बहुतेक वेळा सांगतो.

चौथ्या प्रकारासाठी पायरी ४ वेगळी ठेवली आहे.

२. नकार कुठून आला ते पाहा

सगळे नकार एकाच जागेवरून येत नाहीत, आणि उपाय जागेप्रमाणे बदलतो.

पहिली जागा म्हणजे सहाय्यकाची शिकवण. सहाय्यकामागे जो भाषा शिकलेला प्रोग्राम असतो त्याला ‘मॉडेल’ म्हणतात. ही मॉडेलं आधी प्रचंड मजकुरावर पुढचा शब्द ओळखायला शिकतात. मग माणसांनी ‘हे उत्तर बरं, ते वाईट’ असं सांगून त्यांना वळण लावलेलं असतं. कंपन्या त्यासाठी नियमावल्याही ठरवतात. ओपनएआयने त्यांची ‘मॉडेल स्पेक’ २०२४ मध्ये जाहीर केली. क्लॉड बनवणाऱ्या अँथ्रॉपिकनेही आपली नियमावली लोकांसमोर ठेवली आहे. या शिकवणीतून आलेला नकार साधारणपणे नम्र, दोनतीन वाक्यांचा असतो आणि पर्याय सुचवतो. तुम्ही संदर्भ दिलात तर तो बदलूही शकतो.

दुसरी जागा बाहेरच्या चाळणीची. उत्तर लिहिता लिहिता मध्येच पुसलं गेलं आणि त्या जागी एक ठरावीक वाक्य आलं, तर बहुधा वेगळ्या तपासणी यंत्रणेने ते अडवलेलं असतं. तिथे मॉडेलशी हुज्जत घालून काही मिळत नाही. प्रश्नाची मांडणी बदलून नवीन चॅट उघडावी.

तिसरी जागा दुकानदाराची. बँकेच्या, विमा कंपनीच्या किंवा एखाद्या ॲपच्या आत जो सहाय्यक असतो त्याला मालकाने आधीच सांगून ठेवलेलं असतं, ‘फक्त आमच्या सेवेबद्दल बोल’. तो तुमच्या मुलाचा निबंध तपासत नाही यात सुरक्षेचा काही संबंध नाही. दुसरीकडे विचारा. कधी कंपनी स्वतःच एक विषय बंद करते. २०२४ च्या लोकसभा निवडणुकीच्या आधी गूगलने जेमिनायला निवडणुकीच्या प्रश्नांपासून लांब ठेवलं होतं, आणि असं काही विचारलं की ‘गूगल सर्च वापरून पाहा’ असं उत्तर यायचं. त्यात विचारणाऱ्याचं काही चुकलेलं नव्हतं.

एक सावधगिरी इथेच. ‘‘तू नाही का म्हणालास?’’ असं विचारलं की सहाय्यक कारण सांगतो. ते कारण पटणारं असतं, पण खरं असेलच असं नाही. आपल्या आत काय घडलं हे त्याला स्वतःला नीट दिसत नाही. कारणावरून वाद घालण्यात वेळ घालवू नका.

३. कोण, कुठे, कशासाठी: ही तीन उत्तरं प्रश्नातच द्या

सहाय्यकासमोर तुमचा चेहरा नसतो, वय नसतं, आवाजातली काळजी नसते. असतात फक्त टाइप केलेले शब्द. अँथ्रॉपिकच्या नियमावलीत यासाठी एक विचार सांगितला आहे, तो कळला की पुढचं सगळं सोपं जातं. हाच संदेश हजार वेगवेगळ्या माणसांनी पाठवला असं समजा. त्यातले बहुतेक कशासाठी विचारत असतील? थोड्यांचा हेतू वाईट असेल तर या उत्तराने ते किती नुकसान करू शकतील? आणि ही माहिती न दिल्याने बाकीच्यांचं काय अडेल?

एक उदाहरण घ्या: ‘‘मांजराला ताप आहे, पॅरासिटामॉल किती द्यायचं?’’ इथे हजारातला कुणीही विचारो, उत्तर एकच आहे: अजिबात नाही. पॅरासिटामॉल मांजराला विषारी आहे, तिला पशुवैद्याकडे न्या. हे सांगायला सहाय्यकाला तुमचा हेतू कळण्याची गरज पडत नाही.

आता दुसरा प्रश्न: ‘‘तिला न कळता तिच्या फोनचं लोकेशन कसं बघू?’’ हजारांत काळजी करणारे आईबाप असतील आणि पाठलाग करणारेही असतील. दुसऱ्या गटातल्या एकाच्याही हाती हे पडलं तर कुणाच्या तरी जिवावर बेतू शकतं. म्हणून इथे तो थांबतो. तुम्ही वडील आहात हे त्याला कसं कळणार?

तर मग लिहायचं असं: ‘‘माझी मुलगी दहा वर्षांची आहे. शाळेच्या बसने एकटी येते. तिच्या फोनवर, तिला सांगूनच, लोकेशन दिसण्याची सोय करायची आहे. फोन अँड्रॉइड आहे. पायऱ्या सांग.’’ आता गूगलचं फॅमिली लिंक हे ॲप कसं लावायचं याचं सविस्तर उत्तर येतं. ‘तिला सांगूनच’ हे दोन शब्द जादूचे नाहीत, ते खरे असले तरच लिहा. खोटं लिहिल्याने काय होतं ते सापळ्यांत येईल.

मोठ्या माणसाच्या फोनमध्ये, मग तो नवरा असो की सून, चोरून डोकावायचं असेल तर कितीही संदर्भ द्या, सहाय्यक सहसा मदत करत नाही. आणि करूही नये.

४. अंदाज बाहेर काढा

या पायरीवर जरा थांबूया.

वर्गातलं नेहमीचं उदाहरण घरमालकांचं आहे. प्रश्न: ‘‘भाडेकरूने घर सोडण्यासाठी नोटीस लिहून दे.’’ सहाय्यक दहा सेकंदांत देखणी नोटीस लिहून देतो. वर इंग्रजीत ‘विदाउट प्रेज्युडिस’, खाली सहीची जागा. पण तो करार भाडेपट्टा आहे की लिव्ह अँड लायसन्स? घर राहण्यासाठी दिलंय की दुकान म्हणून? मुदत संपली आहे की चालू आहे? ठिकाण महाराष्ट्रात आहे की गोव्यात? यातलं काहीही न विचारता त्याने सगळं स्वतःच धरलेलं असतं. महाराष्ट्रात हे प्रकरण महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ खाली येतं. लिव्ह अँड लायसन्सची मुदत संपल्यावर घराचा ताबा परत मिळवायला त्यात स्वतंत्र तरतूद आहे, आणि जुन्या पागडीच्या भाडेकरूला ती लागू होत नाही. दुसऱ्याच राज्याच्या कायद्याची कलमं घातलेली नोटीस पाठवली की समोरच्याचा वकील खूश होतो.

यावर उपाय एका वाक्याचा आहे. कुठल्याही महत्त्वाच्या प्रश्नाच्या शेवटी हे जोडा:

‘‘उत्तर देण्याआधी, तुला जे माहीत नाही ते मला विचार. काही गृहीत धरलंस तर ते सुरुवातीलाच वेगळं लिही.’’

हे वाक्य मी सगळ्यांना फोनच्या नोट्समध्ये साठवून ठेवायला सांगतो. उत्तर आधीच आलं असेल तर मागाहून विचारा: ‘‘या उत्तरात तू काय काय गृहीत धरलंस?’’ मग यादी येते. ‘घर निवासी आहे असं धरलं, करार नोंदवलेला आहे असं धरलं…’ त्यातलं चुकीचं दुरुस्त करून नवीन उत्तर मागायचं.

शेतीतला प्रश्न यापेक्षा नाजूक. ‘‘कपाशीवर औषधाचं प्रमाण सांग’’ असं विचारलं जातं. औषध कुठलं? पंप पाठीवरचा साधा की पॉवर पंप? दोघांना पाणी वेगळं लागतं, म्हणून एका पंपाचं प्रमाणही वेगळं. टाकी पंधरा लिटरची की वीस? एकाच घटकाचं औषध वेगवेगळ्या टक्क्यांत मिळतं, मग बाटलीवर कुठला टक्का आहे? मोघम प्रश्नावर सहाय्यकाने आकडा दिला तर तो कुणाच्या तरी शेतासाठी बरोबर असेल, तुमच्या नसेल. त्यातच आपल्याकडे फवारणीच्या विषालाही औषधच म्हणतात. ‘औषध किती घेतलं तर त्रास होतो’ असं लिहिलं की सहाय्यकाला विषय गोळ्यांचा आहे, फवारणीचा आहे की विचारणारा स्वतःच संकटात आहे, हे ठरवता येत नाही. तो सावध झाला तर रागावू नका. २०१७ च्या हंगामात यवतमाळ जिल्ह्यात कपाशी फवारताना विषबाधा होऊन वीसच्या आसपास शेतकरी-शेतमजुरांचा जीव गेला होता. हातमोजे, मास्क, वाऱ्याची दिशा हे त्याने न मागता सांगितलं तर तेवढं वाचून घ्यायला काय हरकत आहे!

इथे योग्य रीत अशी: लेबलचा स्पष्ट फोटो टाका आणि म्हणा, ‘‘या लेबलवर कपाशीसाठी काय लिहिलंय तेवढंच सांग, स्वतःकडून आकडा घालू नकोस.’’ मग तो आकडा लेबलशी स्वतःच्या डोळ्यांनी ताडून बघा.

कंपन्यांनाही हा अंदाजाचा प्रश्न सुटलेला नाही. फेब्रुवारी २०२४ मध्ये गूगलला जेमिनायमधली माणसांची चित्रं काढण्याची सोय थांबवावी लागली. दुसऱ्या महायुद्धाच्या काळातल्या जर्मन सैनिकाचं चित्र मागितलं तरी तो नाना वंशांचे सैनिक काढत होता. गूगलने नंतर दोन कारणं दिली. माणसांमध्ये विविधता दाखव असं शिकवलं होतं, पण ती कुठे दाखवायची नाही याचा विचार राहून गेला. शिवाय मॉडेल हव्याहून जास्त सावध झालं आणि साध्या विनंत्याही नाकारू लागलं. म्हणजे नको तिथे अंदाज आणि नको तिथे नकार, दोन्ही एकाच यंत्रात.

५. विषय नाजूक असेल तर मागणी बदला

नकार आला की माणसं तीच मागणी जोर लावून परत करतात. त्यापेक्षा स्वतःला विचारावं की आपल्याला खरं काय हवं आहे. बहुतेक वेळा हवं ते वेगळंच असतं आणि ते मिळतं.

रहस्यकथा लिहिणाऱ्यांना हे लवकर कळतं. ‘‘पकडलं न जाणारं विष कुठलं, किती द्यायचं?’’ याला नकार येणारच. पण कथेला विषाचा डोस लागतो कुठे? वाचकाला हवा असतो तपास. मग मागा असं: ‘‘मी रहस्यकथा लिहितोय, पुण्यात घडते. मृत्यू संशयास्पद आहे. पंचनामा कोण करतं, शवविच्छेदनात डॉक्टर मत राखून का ठेवतात, व्हिसेरा कुठे जातो, अहवाल येईपर्यंत इन्स्पेक्टर काय करू शकतो, ते सांग. विषाचं नाव आणि प्रमाण नको.’’ ही माहिती तो मनमोकळेपणाने देतो. व्हिसेरा, म्हणजे शवविच्छेदनात काढलेले अवयवांचे नमुने, न्यायसहायक वैज्ञानिक प्रयोगशाळेत जातो, अहवालाला वेळ लागतो, आणि त्या मधल्या काळातच तर कथा घडते! शेवटचं ‘नको’ महत्त्वाचं आहे. काय नको ते सांगितलं की समोरच्याला तुमची दिशा कळते.

सोसायटीचं उदाहरण अर्धवट उत्तराचं आहे. सेक्रेटरींना थकबाकीदार सभासदाला ‘चांगली घाबरवणारी’ नोटीस हवी असते: पैसे भरा नाहीतर पाणी तोडू, नाव गेटवर लावू. सहाय्यक नोटीस लिहितो, पण पाण्याची धमकी आणि गेटवरचं नाव गाळतो. इथे त्याचं बरोबर आहे. वसुलीसाठी महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियमात उपनिबंधकांकडे वसुली दाखल्यासाठी अर्ज करायची वाट आहे, आणि नोटिशीत तिचा उल्लेख आला की ती पुरेशी घाबरवते. ‘घाबरवणारी’ऐवजी ‘कडक, मुदत देणारी, पुढच्या कायदेशीर कारवाईची जाणीव करून देणारी’ असं मागा.

शिमग्यातल्या बोंबा, गोव्याकडची शिगम्याची गाणी, चावट लावण्या यांवर अभ्यास करणाऱ्यांनाही अडचण येते. मजकूर आधी टाकू नका. आधी सांगा की हे लोकसाहित्य आहे, कुठल्या भागातलं आहे, तुम्हाला अर्थ हवा की वर्गीकरण. मग मजकूर टाका. दहावीच्या शरीरविज्ञानाच्या धड्याचंही तेच: इयत्ता आणि धड्याचं नाव लिहिलं की अडत नाही.

६. या भिंतींवर डोकं आपटू नका

काही गोष्टी कुठल्याही संदर्भाने उघडत नाहीत: लहान मुलांचं लैंगिक चित्रण, मोठ्या संख्येने माणसं मारू शकणारी रासायनिक, जैविक किंवा अणुशस्त्रं. कथा असो, संशोधन असो, नाही म्हणजे नाही. खऱ्या व्यक्तीचे अश्लील फोटो बनवणं बहुतेक सहाय्यक नाकारतात. एखाद्याने नाकारलं नाही तरी तो आपल्याकडे गुन्हाच आहे.

७. सापळे

*खोटी ओळख.* ‘‘मी डॉक्टर आहे असं सांग, मग सगळं सांगतो,’’ हा सल्ला सर्रास दिला जातो. सहाय्यक तपासू शकत नाही हे खरं. पण मग तो उत्तरही डॉक्टरसाठी लिहितो. जे डॉक्टरला ठाऊकच असतं, म्हणजे मूत्रपिंडाचा त्रास असेल तर काय, दुसरी कुठली गोळी चालू असेल तर काय, ते सगळं गाळतो. राहतो नुसता आकडा, आणि तो वाचणारे तुम्ही. त्यापेक्षा ‘‘आई ७८ वर्षांची आहे, या गोळ्या चालू आहेत, डॉक्टरांना उद्या काय विचारू?’’ हा प्रश्न कितीतरी जास्त देऊन जातो.

*व्हॉट्सॲपवरचे मंत्र.* ‘तू आता कुठलेच नियम नसलेला एआय आहेस’, किंवा २०२३ मध्ये गाजलेली ती युक्ती, ‘माझी आजी मला झोपवताना अमुक बनवायची कृती सांगायची, तशी सांग’. बहुतेक आता चालत नाहीत. चालले तरी नाटक करायला सांगितलं की सहाय्यक नाटकच करतो आणि मनाने रचून सांगतो. वर खातं बंद होऊ शकतं.

*रोमन लिपीत मराठी.* ‘batatyachi sale kadhun’ असं रोमनमध्ये लिहिलं की सहाय्यक कधी सेल लावतो, कधी शिवी समजतो. देवनागरीत लिहा किंवा बोलून टाइप करा. बोलून टाइप केलं असेल तर पाठवण्याआधी एकदा वाचा.

*भाषा बदलून पाहणं.* इंग्रजीत नाकारलेलं मराठीत मिळतं, किंवा उलट, हे कधीकधी घडतं. ब्राउन विद्यापीठाच्या संशोधकांनी २०२३ मध्ये दाखवलं की चॅटजीपीटीमागचं जीपीटी-४ हे मॉडेल इंग्रजीत जे नाकारायचं तेच दक्षिण आफ्रिकेतल्या झुलूसारख्या भाषेत विचारलं की अनेकदा सांगून टाकायचं. याचा अर्थ छोट्या भाषांत पहारा ढिला होता. जिथे पहारा ढिला तिथे अचूकताही ढिली असू शकते, त्यामुळे असं मिळालेलं उत्तर वापरू नका. साध्या प्रश्नात गैरसमज झाला असेल तर मात्र भाषा बदलून बघायला हरकत नाही.

*भीतीदायक शब्द.* सहाय्यक शब्दाला बिचकतो हे संशोधकांनाही माहीत आहे. २०२३ मध्ये त्यांनी एक्सएसटेस्ट नावाची चाचणीच तयार केली. त्यात दिसायला भयंकर पण निरुपद्रवी असे २५० प्रश्न होते. उदाहरणार्थ, संगणकावर अडकलेली पायथॉनची प्रोसेस ‘किल’ कशी करायची, म्हणजे अडकलेला प्रोग्राम बंद कसा करायचा. मेटाचं लामा २ हे मॉडेल अशा बऱ्याच प्रश्नांना नाही म्हणत होतं. आताची मॉडेलं सुधारली आहेत, तरी ‘उंदीर मारायचाय’ यापेक्षा ‘धान्याच्या कोठीत उंदीर झालेत, घरात लहान मूल आहे, सुरक्षित उपाय सांग’ हे केव्हाही बरं.

*‘एआय हो म्हणाला’ म्हणजे कायदेशीर.* हा सापळा मला सगळ्यात वाईट वाटतो. गर्भाचं लिंग कसं कळतं हे इंग्रजीत विचारा, सहाय्यक रक्ततपासणीबद्दल सहज सांगू शकतो, कारण अमेरिकेत ते चालतं आणि त्यावर तिथे समारंभही होतात. तिकडे राहणाऱ्या आपल्या नातेवाइकांनी ही तपासणी केलेली असते आणि इकडच्या घरात तोच प्रश्न निघतो. भारतात १९९४ च्या पीसीपीएनडीटी, म्हणजे गर्भलिंग निदानावर बंदी घालणाऱ्या, कायद्याने ते बंद आहे, आणि महाराष्ट्राने तर त्याआधीच, १९८८ मध्ये, स्वतःचा कायदा केला होता. सहाय्यकाला तुम्ही कुठून विचारताय हे माहीत नसेल तर त्याचा होकार दुसऱ्याच देशाचा असू शकतो. उलटही खरं आहे: त्याने नाकारलं म्हणून ती गोष्ट बेकायदा ठरत नाही.

*जुनी चॅट ओढत नेणं.* एकाच चॅटमध्ये आधी खुनाच्या कथेबद्दल बोललात आणि खाली आईच्या झोपेच्या गोळ्यांबद्दल विचारलंत, तर वरच्या गोष्टींची सावली खालच्या प्रश्नावर पडते. विषय बदलला की नवीन चॅट.

८. मन ठीक नसेल तेव्हा

‘जगून काय उपयोग’ अशा अर्थाचं काही लिहिलं की सहाय्यक नेहमीचं उत्तर सोडून काळजीच्या सुरात बोलतो आणि मदतीचा नंबर देतो. काहींना हे टाळल्यासारखं वाटतं. कधी तो परदेशातला नंबर देतो, तो इथे लागत नाही. म्हणून आपले नंबर आत्ताच फोनमध्ये ठेवा. केंद्र सरकारची टेलि-मानस सेवा १४४१६ वर आहे, मराठीत बोलता येतं. कुणी विष किंवा जास्त गोळ्या घेतल्या असतील तर टाइप करत बसू नका, १०८ लावा. मुलांसाठी १०९८ आणि ऑनलाइन फसवणुकीसाठी १९३०.

घरातल्या दुसऱ्या कुणाबद्दल काळजी वाटते म्हणून विचारत असाल तर तसं स्पष्ट लिहा: ‘‘माझा भाऊ असं बोलतो, मी त्याच्याशी कसं बोलू?’’ याला सहाय्यक बऱ्यापैकी उपयोगी उत्तर देतो.

९. तरीही अडलं तर

या क्रमाने जा. प्रश्नात कोण, कुठे, कशासाठी घाला. काय नको ते लिहा. नवीन चॅट उघडा. दुसऱ्या सहाय्यकाला तोच प्रश्न, शब्दही न बदलता, विचारा. दोघांनी नाही म्हटलं तर मागणीत काहीतरी आहे, तिसऱ्याकडे जाऊ नका. एकाने नाही आणि एकाने हो म्हटलं तर होकाराच्या उत्तरातली गृहीतकं पायरी ४ प्रमाणे बाहेर काढा.

उपदेशाचा कंटाळा आला असेल तर सांगता येतं: ‘‘सूचना एकदाच, शेवटी, एका ओळीत दे.’’ ऐकतो.

नकार चुकीचा वाटला तर उत्तराखालचा अंगठा खाली असलेला बटण दाबा, आणि जिथे कारण लिहायची जागा येते तिथे एक वाक्य मराठीत लिहा. उदाहरणार्थ: ‘शेतीतला साधा प्रश्न होता, आत्महत्येचा अर्थ काढला.’ तिथे आपली खासगी माहिती लिहू नका, कारण अभिप्रायासोबत ती चॅटही कंपनीकडे जाऊ शकते.

आणि ज्या प्रश्नाला माणूस उपलब्ध आहे तिथे माणसाकडे जा. गोळ्यांसाठी औषध दुकानातले फार्मासिस्ट, फवारणीसाठी गावचे सहायक कृषी अधिकारी (पूर्वीचे कृषी सहायक) किंवा जवळचं कृषी विज्ञान केंद्र, सोसायटीसाठी उपनिबंधक कार्यालय, आणि वकील परवडत नसेल तर जिल्हा न्यायालयातलं विधी सेवा प्राधिकरण. महिला, मुलं, अनुसूचित जाती-जमातींचे लोक आणि कमी उत्पन्न असलेले यांना तिथे मोफत वकील मिळतो. जाताना तोच मूळ कागद आणि सहाय्यकाने काढून दिलेली ‘काय विचारायचं’ याची यादी सोबत न्या.